थरारीचं पीस

लोणावळ्याजवळ कुरवंड्याच्या चिक्कीच्या भट्टीवर संध्याकाळी सुटी झाली, की आम्ही सगळे ओळीनं उभे राहायचो आणि आबा एकेकाला म्हणायचे, "डबा उघड."

डबा म्हणजे साधा जेवणाचा. सकाळी भाकरी-भाजी भरून आलेला आणि दुपारी चाटूनपुसून रिकामा झालेला. आबा त्यात डोकावायचे, वास घ्यायचे, झाकण उलटं करून बघायचे आणि मग म्हणायचे, "जा." पहिल्याच दिवशी मी तोंड उघडलं. म्हटलं, "आबा, यात सापडणार काय आहे?"

"आजपातूर काय बी सापडलं न्हाई," आबा म्हणाले. "म्हंजे नेनारा लय हुशार हाय."

असल्या माणसाशी वाद कसा घालायचा? मी डबा उघडला. त्यात माझ्या आईनं दिलेल्या लोणच्याची एक फोड चिकटून राहिली होती. आबांनी तीसुद्धा बोटानं उलटी करून पाहिली.

आबा भट्टीचे मालक. सत्तरी ओलांडलेले, उंच, सडसडीत, डोक्यावर पांढरी टोपी, आणि उकळत्या पाकाशी जन्मभर झटून बोटांची कातडी चपलेच्या तळासारखी झालेली. चहात साखर नसली तरी चालायचं, पण दिवसाला निदान एक संशय लागायचाच. माझ्यावरचा तर कायमचा होता, कारण मला त्यांनी ठेवलेलं नव्हतं. मला ठेवलं होतं त्यांच्या पुतण्यानं. मी तळेगावचा, रसायनशास्त्र घेऊन बी.एस्सी. झालेला. ही पदवी मी परीक्षकांना दमवून मिळवली होती. त्यानंतर एका कंपनीत लागलो आणि काही महिन्यांत कंपनीनंच माझा नाद सोडला. पुतण्याला भट्टीवर 'शिकलेला सुपरवायझर' हवा होता. मी शिकलेला होतो. सुपरवायझर म्हणजे काय, ते मला अजून कोणी सांगितलेलं नाही.

पुतण्या लोणावळ्यात हायवेवरचं दुकान बघायचा, आबा भट्टी. वाटणीच्या वेळी दोघांत एकच गोष्ट ठरली होती आणि ती भट्टीवर सगळ्यांना पाठ होती. आबांचा पाक बिघडत नाही तोवर उलथनं आबांच्या हातात. ज्या दिवशी बिघडेल, त्या दिवशी पुतण्या मशीन बसवणार आणि आबांनी दुकानात जाऊन गल्ल्याशेजारच्या खुर्चीत बसायचं. त्या खुर्चीचं नाव काढलं की आबांच्या नाकपुड्या फुलायच्या. "जित्तेपनी माझा फोटू करायला निघालंय पोरगं. निसता हार घालायचा ऱ्हायलाय."

तेव्हा संशय घ्यायला त्यांना कारण होतं, हे मान्य. पण त्यांनी त्याची तऱ्हा फार पुढं नेली होती.

मागून बोललेलं चालायचं नाही. "म्होरं ये. मागनं बोलतो त्यो चहाड्या करतो." समोर गेलं की नजर आपल्या डोळ्यांत नाही, थेट तोंडावर. मी बोलत असेपर्यंत ओठांवरून नजर हलायची नाही. मला वाटायचं दातांत काहीतरी अडकलंय. त्या काळात मी दिवसातून दोनदा दात घासू लागलो, हा आबांचा माझ्यावरचा उपकारच. तोंडात तंबाखू ठेवून बोलणाऱ्याला आबा बाहेर काढायचे. मास्कचे दिवस नुकतेच सरले होते; पॅकिंगला बसणाऱ्या मावशी सवयीनं अजून लावायच्या. आबांनी काढायला लावला. "तोंड झाकून बोलायचं काय कारन? दरोडा घालायचाय?" फोनचं तर नावच नको. भट्टीतला फोन वाजून वाजून थकायचा. "वाजू दे. खोटं बोलनाऱ्यालाच एवढी घाई असती."

भट्टीसमोरच्या भिंतीवर आरसा होता, केस कापायच्या दुकानात असतो तसला मोठा. चिक्कीच्या भट्टीत आरसा कशाला? तर पाठीमागं कोण काय उचलतंय ते दिसावं म्हणून.

आणि ती फळी. उंबऱ्याच्या आत एक लांब लाकडी फळी टाकलेली होती, तिचं दुसरं टोक आबांच्या पायाखाली. आत येणारा प्रत्येक जण त्या फळीवर दोनदा पाय आपटून यायचा. ही इथली रीत असावी, धंद्याच्या जागेचा मान वगैरे, असं मी मनाशी ठरवलं आणि भक्तिभावानं आपटू लागलो. इतकी सवय झाली, की एकदा लोणावळ्यातल्या बँकेत शिरताना दारात दोनदा पाय आपटला आणि रखवालदार स्टुलावरून ताडकन उठला.

आता पाकाबद्दल सांगायला हवं. चिक्कीत शेंगदाणे कोणीही घालतं. सगळी कसोटी पाकाची. उकळत्या पाकाचा थेंब गार पाण्यात सोडायचा, कडक झाला की काढून थाळीवर टाकायचा. कच्चा पाक नुसता मोडतो. तयार पाक वाजतो. टिण्ण. मोडणं आणि वाजणं यांच्यात दोन उकळ्यांचं अंतर असतं. अलीकडे उतरवला तर चिक्की दाढेला चिकटून बसते, पलीकडे गेला तर करपतो. सगळे भट्टीवाले थाळीवर थेंब टाकतात आणि ऐकतात.

आबांच्या भट्टीत थाळीच नव्हती. पाक होत आला, की आबा सगळ्यांना बाहेर काढून दार लावून घ्यायचे. "पाक लाजतो," म्हणायचे. आम्ही अंगणात उभे. थोड्या वेळानं दार उघडायचं. "दानं आना. वता." आणि पाक असा नेमका, की चिक्की तोडली तर शेजारच्या घरातलं मांजर मान वर करायचं.

लाजणारा पाक माझ्या रसायनशास्त्रात नव्हता. म्हणून एके दिवशी मी दाराच्या फटीला डोळा लावला.

आबांनी काडीनं कढईतला पाक उचलला, ओढून तार लांबवली, तूप लावलेल्या स्टीलच्या कंगव्यावर दाबली आणि झटक्यात सोडवली. वीतभर लांब, पाण्यासारखं आरपार, मधोमध दांडी आणि दोन्ही अंगांना बारीक बारीक केस. पीस! ते त्यांनी दाढेत धरलं, डोळे मिटले आणि टोकाला नखानं टिचकी मारली. पीस इतकं थरथरलं की त्याच्या कडा दिसेनाशा झाल्या. आबा हसले. आबांना हसता येतं, हे मला तोवर माहीत नव्हतं.

मी एवढा गुंगलो, की दार माझ्या कपाळावर उघडलं.

"डोळा लावतोस व्हय?" आबा म्हणाले. मी कपाळ चोळत होतो. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की वाटलं, आता आपली नोकरी गेली. पण ते म्हणाले, "ये. बघायचंच हाय तर नीट बघ."

कोपऱ्यात काचेच्या दारांचं कपाट होतं. आत दिवसरात्र एक पिवळा बल्ब जळायचा, तळाला ओल शोषायला कळीच्या चुन्याचे डबे. आमच्याकडच्या दमट हवेत साखर टिकत नाही, पाणी सोडते. आबांच्या भाषेत पिसं रडतात, म्हणून ही ऊब. आत दोऱ्यांना शेकडो पिसं टांगलेली. काही पांढरी, काही मधाच्या रंगाची, गुळाची असतील ती तांबूस. कपाटाचं दार उघडलं तशी ती सगळी एकदम शहारली.

"साखरंची पिसं," आबा म्हणाले. "ती थरारीची. लहान पाखरू, मुठीत मावंल एवढं. ह्ये लांब हाय ते भोंगाळ्याचं. त्यो बसला की अख्खं झाड थरथरतं. ह्यो चुकार. ह्याचं पीस उगंच हालतं, कायबी सांगायचं नसलं तरी. लय खोटारडं पाखरू."

"कुठं असतात हे पक्षी?"

आबांनी खिडकीतून बोट दाखवलं. नागफणीच्या कड्याखालची सगळी दरी धुक्यानं भरली होती. "त्याच्या खाली."

"खाली तर कोकण आहे, आबा."

"धुकं नसतं तवा कोकन हाय," आबा म्हणाले. "धुकं आलं की दुसरंच रान असतं. तितं कुनाला कान न्हाईत. पाखरं नरड्यानं न्हाई बोलत. पिसं थरारत्यात, फांदी थरारती, आन् दुसरं पाखरू लांब फांदीला चोच लावून वळखतं, कोन आलं, काय म्हनतं. मानूस न्हाई तितं. म्हनून खोटं लय कमी."

हे सांगताना त्यांच्या तोंडावर कसलीही थट्टा नव्हती. त्यांनी थरारीचं पीस माझ्या दातांत दिलं आणि टिचकी मारली. मला एवढंच समजलं, की ते गोड आहे आणि माझ्या पडक्या दाढेत कळ गेली.

"व्वा!" मी म्हणालो.

"खोटं," आबा म्हणाले आणि पीस काढून घेतलं.

मग कपाटातून त्यांनी आणखी एक पीस दाखवलं. वाकडं, एका अंगाचे केस झडलेलं. "ह्यो पाळत्या. दुसऱ्याच्या घरट्यात डोकवत फिरतो. ह्याचं पीस कधीच धड वाजत न्हाई." मी त्या पाळत्याला मनापासून हसलो. मावशी दारातून माझ्याकडे बघत होत्या, त्या का हसल्या ते त्या वेळी कळलं नाही.

त्या दिवसापासून माझी झोप उडाली. आबा वेडे नव्हते. वेड्या माणसाचा पाक रोज नेमका येत नाही. मग ही पाखरं कशासाठी? काहीतरी झाकायचं असल्याशिवाय माणूस एवढं सजवून सांगत नाही. पहिल्यांदा मला वाटलं, कपाटात दुसरंच काही ठेवलंय आणि पिसं वरवर टांगली आहेत. मी एका दुपारी चुन्याच्या डब्यात हात घातला. चुना होता. पुढचे काही दिवस भाकरी डाव्या हातानं खाल्ली. मग वाटलं, जादूटोणा. मग वाटलं, ही साखरच नव्हे. साखर इतकी आरपार कशी? इतकी कडक कशी? आणि दार लावून कशाला? काच! आबा पाकात काचेची पूड घालत असणार, म्हणून तो वाजतो, म्हणून थाळी नको! रसायनशास्त्र अखेर उपयोगी पडलं म्हणून मला भरून आलं.

पुरावा हवा होता. मी एक पीस रुमालात गुंडाळून चोरलं. डब्यात ठेवणं शक्य नव्हतं, म्हणून शर्टाच्या आत पोटाशी धरलं. तळेगावला एक मित्र कॉलेजच्या प्रयोगशाळेत होता. त्याच्यापर्यंत पोचेस्तोवर मोटरसायकलवर पावसात सपाटून भिजलो. टेबलावर रुमाल उघडला, तर पीस नाही. माझं पोट आणि बनियन मात्र एकमेकांना कायमचे चिकटले होते. "नमुना कुठाय?" मित्रानं विचारलं. मी शर्ट वर केला. त्यानं मला बाहेर काढलं.

काच विरघळत नसते, हे तिथंच समजायला हवं होतं. पण डोक्यात संशय पक्का बसला, की तो असल्या किरकोळ गोष्टींकडे बघत नाही. त्यातच पुतण्यानं एके दिवशी दुकानात चहा पाजून विचारलं, "काका दार लावून काय करतात हो? तुम्ही शिकलेले आहात, तुमच्या लक्षात आलं असेल." शिकलेले म्हटल्यावर मी संपलोच. पिसं, कपाट, दाढ, टिचकी, सगळं सांगितलं आणि वर आपलं अनुमान ठेवून दिलं, "काच असावी. नक्की नाही, पण नाकारता येत नाही."

पुतण्या वाईट माणूस नव्हता. त्याला दुकानाची काळजी होती, आणि मशीन हवं होतं. दिवाळीच्या आधी त्यानं काचेचा संशय कळवून आबांना बोलावणं धाडलं. हायवेलगत नवी शेड बांधली होती. पिंपरीकडून मशीनवाला येणार होता. एक कढई आबांनी तिथं सगळ्यांसमोर करून दाखवायची. दार लावायचं नाही, पीस ओढायचं नाही. पाण्यात थेंब, थाळीवर थेंब, जसं त्यांचे वडील करायचे तसं.

मावशी म्हणाल्या, "आबा, नगा जाऊ."

आबांनी त्यांच्या ओठांकडे बघितलं आणि म्हणाले, "न्हाई गेलो तर काच हाय म्हनत्याल." आणि माझ्याकडे बघितलं. मी छताकडे बघितलं.

नवी शेड म्हणजे सिमेंटची जमीन, पत्र्याचं छप्पर, पांढऱ्या भिंती. आरसा नाही, फळी नाही. आबा कढईपाशी, आमच्याकडे पाठ. मागं पुतण्या, मशीनवाला, मावशी, दोन गडी आणि मी. माझ्या शेजारी चिक्की कापून ठेवायच्या स्टीलच्या ट्रेंची कमरेएवढी चळत.

पाक चढला. मशीनवाला पाठीमागून म्हणाला, "काका, आच किती ठेवता?"

आबा ढवळत राहिले.

"काका, आच म्हणतोय मी."

आबा ढवळत राहिले.

"काका, ते काहीतरी विचारताहेत," पुतण्या जरा मोठ्यानं म्हणाला. आबांचं उलथनं गोल फिरत होतं. पुतण्याची भुवई वर गेली. मावशी घाईघाईनं वळसा घालून आबांच्या समोर जायला निघाल्या, आणि त्या अशा का निघाल्या ते बघताना माझ्या डोक्यात एकदम सगळं लख्ख झालं. ओठांवरची नजर. मास्क. फोन. आरसा. फळीवर आपटलेले पाय. कान नसलेली पाखरं. अरे देवा, या माणसाला ऐकूच येत नाही! थाळीवरची टिण्ण ऐकू येत नाही म्हणून तो पाक दाताच्या हाडानं ओळखतो!

आता आबांना वाचवायचं. मी विजेच्या वेगानं विचार केला. माझा विचार त्या वेगानं झाला की काय होतं, याचा अनुभव असूनही केला. एवढा मोठा आवाज करायचा, की त्या गोंधळात कोणी काय विचारलं आणि कोणी उत्तर दिलं नाही, हे सगळेच विसरतील. मी ट्रेंच्या चळतीला लाथ घातली.

सिमेंटवर स्टीलचे ट्रे, वर पत्र्याचं छप्पर. असा आवाज झाला, की मशीनवाल्याच्या हातातला फोन उडाला, एका गड्यानं खाली बसून डोकं झाकलं, पुतण्या भिंतीला चिकटला, बाहेरचं कुत्रं हायवेकडे पळालं. मी स्वतः लाथ घालूनही दचकलो.

आबांनी मान खाजवली आणि ढवळत राहिले.

शेवटचा ट्रे गरगर फिरून आडवा झाला. सगळे आबांच्या पाठीकडे बघत होते. माझी योजना इतकी सफल झाली होती, की शेडमध्ये शंकेला जागाच उरली नव्हती.

आबांनी पाकाच्या रंगावरून अंदाज केला आणि मागं न बघता डावा हात पसरला, दाण्यांसाठी. कोणी दाणे दिले नाहीत. हात थोडा हलवला. मग ते वळले. एकेकाच्या ओठांकडे बघितलं. एकाचेही हलत नव्हते. जमिनीवरचे ट्रे बघितले. ट्रेंच्या मधोमध एका पायावर उभा असलेला मी दिसलो. त्यांना सगळं समजलं, आणि ते समजेपर्यंत पाकानं दोन्ही उकळ्या ओलांडल्या. आधी वास आला, मग धूर.

पुतण्या त्यांच्या समोर गेला. हळू म्हणाला, "काका, ऐकू येत नाही तुम्हाला?"

"पाक करपला," आबा म्हणाले. "ग्यास बंद कर." उलथनं ओट्यावर ठेवलं, टोपी काढून कपाळ पुसलं आणि बाहेर जाऊन आम्ही आलो त्या टेम्पोत बसले.

"तुला कुनी सांगितलं व्हतं पाय मारायला?" मावशींनी मला धरलं.

"मला वाटलं, आबांचं कोणाला कळू नये…"

"समद्यांना म्हाईत व्हतं! चार वर्सं झाली. पुतन्याला न्हाई आन् तुला न्हाई."

"मला का नाही सांगितलं?"

"तू शिकल्याला," मावशी म्हणाल्या. "म्हटलं, बोलशील कुटंतरी."

चहा पिऊन सगळं बोलून झालं होतं.

दिवाळीआधी मशीन आलं. त्याला काचेची खिडकी आणि आकडे दाखवणारा डोळा होता, पाक झाला की ते शिट्टी मारायचं. मशीनची चिक्की वाईट नव्हती. हे सांगायला मला आवडत नाही, पण एकाही गिऱ्हाइकानं ती परत आणली नाही. पुतण्यानं मलाही दुकानात घेतलं, पेट्या उचलायला. आबा गल्ल्याशेजारच्या खुर्चीत बसले. पर्यटक त्यांच्याबरोबर सेल्फी काढायचे. "आजोबा, स्माइल!" आबा त्यांच्या ओठांकडे बघायचे आणि मग त्यांच्या पिशव्यांकडे. दोन-तीन दिवसांत ते उठले आणि काही न सांगता कुरवंड्याला घरी निघून गेले.

पुतण्या म्हणाला, "बघा ना, ते पक्षी वगैरे सगळा बनाव. पाक दातानं तपासायचा आणि कोणाला संशय येऊ नये म्हणून गोष्टी." मलाही ते पटलं. गुन्हा उघड, कारण उघड, प्रकरण बंद. पण मग महिन्याभरानं मावशी बोलता बोलता म्हणाल्या, की आबांनी जुन्या भट्टीत छोटी शेगडी मांडलीय आणि रोज थोडी साखर लागते.

माझे कान पुन्हा टवकारले. झाकायचं काही उरलं नसताना हा माणूस आता कोणाला फसवतोय?

एका दुपारी दुकानातून निघून परस्पर वर जुन्या भट्टीवर गेलो. दरी धुक्यानं काठोकाठ भरलेली. उंबऱ्याशी मी फळीवर दोनदा पाय आपटला. आबांची पाठ माझ्याकडे होती.

"म्होरं ये," ते म्हणाले.

समोर गेलो. कपाट पहिल्यापेक्षा भरलं होतं. आता एक खण वाढवला होता.

"पाळत ठिवायला आलास?"

"ना…ही… आ…बा," मी तोंड मोठं करून म्हणालो.

"नीट बोल. बहिरा हाय मी, येडा न्हाई."

मी नीट बोललो. "आबा, आता तर सगळ्यांना माहीत झालं. उलथनंही गेलं. मग आता पिसं कशाला?"

"उलथनं माझं गेलं," आबा म्हणाले. "त्यात पाखरांचा काय संबंध?"

त्यांनी शेगडी बारीक केली. मग माझ्याकडे न बघता, म्हणजे मी काही बोललो तरी कळू नये अशा बेतानं, सांगू लागले. "मी रोज सकाळी कड्यावर जायाचो. आधी बारकी पाखरं गेली. मला वाटलं, रान तुटलं म्हनून गेली. मग मोठी गेली. कोकिळा गेली. कावळा तेवढा लय दिस टिकला. मग एका सकाळी कावळा समोर बसून चोच उघडतोय आन् मिटतोय, उघडतोय आन् मिटतोय. तवा कळलं, रान हाय तितंच हाय." त्यांनी काडीनं पाक उचलला, तार ओढली, कंगव्यावर दाबली. "एवढं मोठं रान, आन् त्यात एक बी पाखरू न्हाई. मोकळं कसं ठिवायचं?"

पीस गार झालं. त्यांनी ते माझ्या पुढ्यात धरलं.

मी दातांत घेतलं. आबांनी टिचकी मारली. पूर्वीसारखंच, गोड आणि दाढेत कळ. या वेळी मी "व्वा" म्हणालो नाही. पण आबांचं तोंड बघून सुचलं आणि मी दोन्ही कानांत बोटं घातली. गच्च. शेगडीची फुसफूस गेली, वरच्या पत्र्यावरचं धुक्याचं टपटप गेलं, खालच्या हायवेची घरघर गेली. आबांनी पुन्हा टिचकी मारली.

ते दातातून आलं. दातातून जबड्यात, जबड्यातून कवटीत, आणि डोक्याच्या घुमटात काहीतरी पंख उघडून बसलं. आवाज म्हणता येणार नाही. कोणीतरी खूप लांबच्या फांदीवर बसलं आणि ती फांदी माझ्यापर्यंत होती. मी हललो नाही. थरार विरत विरत गेला, तरी मी बोटं काढली नाहीत.

आबा माझ्या तोंडाकडे टक लावून बघत होते. ओठ नव्हते वाचत. सगळं तोंडच वाचत होते.

"कोन व्हतं?" त्यांनी विचारलं.

मी बोटं काढली. पीस तोंडातून काढलं. खरं सांगायचं तर मला थरारी सांगायचं होतं, तेवढंच नाव पाठ होतं. पण खोटं पकडलं जाईल अशी भीती वाटली.

"माहीत नाही आबा. थरारी नव्हती. भोंगाळ्यापण नाही. जरा अडखळत आलं. बसलं आणि पुन्हा उठलं. हे तुम्ही मला दाखवलेलं नाही. नवीनच आहे कोणीतरी."

आबांनी ते पीस माझ्या हातून घेतलं, स्वतःच्या दाढेत धरलं, डोळे मिटून टिचकी मारली. पुन्हा मारली. मग डोळे उघडले आणि त्यांत तो जुना संशय काठोकाठ भरला होता.

"माझ्या रानात नवं पाखरू," ते म्हणाले, "आन् ते तुला आधी सापडतंय?"

"आबा, देवाशप्पथ…"

"पिशवीत काय हाय?"

"काही नाही आबा. डबा आहे. रिकामा."

आबांनी पीस जपून कपाटात टांगलं, नव्या खणात, इतरांपासून जरा बाजूला. दार लावलं. मग वळून माझ्यासमोर उभे राहिले.

"डबा उघड," ते म्हणाले.